कॉर्टिसॉल हे विष नव्हे

गेल्या आठवड्यात आमच्या घरच्या ग्रुपवर मावशीने एक जाहिरात टाकली. हिरवी पुडी, बाजूला डोकं धरून बसलेली बाई आणि वर मोठ्या अक्षरांत ‘ताणाचं विष कॉर्टिसॉल शरीराबाहेर काढा’. खाली मावशीचा प्रश्न: ‘तू बायोलॉजी शिकवतेस ना गं, घेऊ का हे?’ मी लगेच फोन करून नको म्हटलं. का नको ते सांगायला बसले आणि अर्धा तास गेला, तरी निम्मंच सांगून झालं. उरलेलं इथे लिहिते, कारण शरीरातल्या ज्या यंत्रणेवर माझा सर्वांत जास्त जीव आहे, तिलाच ही जाहिरात विष म्हणते आहे.

१८५५ साली लंडनच्या थॉमस ॲडिसन या डॉक्टरांनी एका आजाराचं वर्णन केलं. माणूस दिवसेंदिवस अशक्त होत जातो, वजन घटतं, कातडी काळवंडते आणि शेवटी तो दगावतो. अशांच्या शवविच्छेदनात मूत्रपिंडांच्या डोक्यावर टोपीसारख्या बसलेल्या दोन ग्रंथी खराब झालेल्या दिसल्या. या अधिवृक्क, म्हणजे ॲड्रिनल ग्रंथी. एकेकीचं वजन जेमतेम चार-पाच ग्रॅम. त्यांच्या बाहेरच्या थरात कॉर्टिसॉल तयार होतं. आज ॲडिसनचा रुग्ण नीट जगतो, तो हेच संप्रेरक, म्हणजे हार्मोन, रोज गोळीतून घेऊन. कॉर्टिसॉल यकृताकडून साखर सोडवून घेतं, रक्तदाब टिकवतं, सूज आटोक्यात ठेवतं. सकाळी जाग आल्यावर अर्ध्या-पाऊण तासात त्याची पातळी दिवसातली सर्वांत वरची असते आणि मध्यरात्रीच्या सुमाराला सर्वांत खालची. दिवसभरातही ते साधारण तासा-तासाच्या लाटांनी रक्तात येतं. त्यामुळे घरी मागवलेल्या किटवर एकदाच आकडा पाहून ‘माझं कॉर्टिसॉल वाढलंय’ म्हणण्यात अर्थ नाही. लाट वर होती की खाली, हे त्या आकड्यावरून कळतच नाही.

आता ताण आला की काय होतं ते पाहू. बारावीची प्रात्यक्षिक परीक्षा घ्या. बाहेरचे परीक्षक समोर बसलेत, स्लाइड सूक्ष्मदर्शकाखाली आहे आणि प्रश्न येतो, ‘हे काय आहे?’ पहिल्या काही सेकंदांत मज्जातंतूंमधून थेट ॲड्रिनल ग्रंथीच्या गाभ्याला निरोप जातो. तिथे ॲड्रिनॅलिन छोट्या पिशव्यांत भरून तयारच असतं, ते रक्तात ओतलं जातं. छातीत धडधड, तळव्यांना घाम, तोंडाला कोरड. लढा किंवा पळा, यासाठीची ही सज्जता हार्वर्डच्या वॉल्टर कॅनन यांनी शंभर वर्षांपूर्वी मांडली. मांजरांच्या पोटाची क्ष-किरणांनी पाहणी करताना मांजर बिथरलं की जठराची हालचाल थांबते, हे त्यांना दिसलं होतं. ॲड्रिनॅलिन जितक्या झटकन येतं तितक्याच झटकन जातं, दोन-तीन मिनिटांत निम्मं.

दुसरा निरोप सावकाश जातो. मेंदूच्या तळाशी असलेला हायपोथॅलॅमस सीआरएच नावाचं संप्रेरक सोडतो. ते काही मिलिमीटर अंतर खास रक्तवाहिन्यांतून पार करून खालच्या वाटाण्याएवढ्या पीयूषिका ग्रंथीत, पिट्युटरीत, पोचतं. पीयूषिका एसीटीएच सोडते. ते रक्तातून थेट मूत्रपिंडावरच्या ग्रंथीपर्यंत येतं आणि तिथे कॉर्टिसॉल तयार व्हायला लागतं. ‘तयार व्हायला लागतं’ हे मुद्दाम म्हणते आहे. ॲड्रिनॅलिनसारखा याचा साठा नसतो. कोलेस्टेरॉलपासून प्रत्येक वेळी ताजं बनवावं लागतं. म्हणून कॉर्टिसॉल शिखराला पोचतं ते वीस-तीस मिनिटांनी. तोंडी परीक्षा दहा मिनिटांत आटोपलेली असते, मुलगी कँटीनमध्ये वडापाव खात असते, आणि रक्तात कॉर्टिसॉल तेव्हा कुठे भरात आलेलं असतं. तिथून ते निम्मं व्हायला साधारण तास-सव्वा तास लागतो. भांडण मिटल्यावरही माणूस बराच वेळ धुमसत का राहतो, याचं निदान एक कारण या वेळापत्रकात आहे.

मग ते थांबतं कसं? गच्चीवरच्या पाण्याच्या टाकीत बॉलकॉक असतो. पाणी चढलं की तरंगता गोळा वर उचलला जातो आणि नळाचं तोंड मिटतं. वर बसून नळ बंद करणारं कुणी लागत नाही, पाणीच पाण्याला थांबवतं. कॉर्टिसॉलचंही असंच आहे. रक्तातून ते परत मेंदूत जातं आणि ज्या हायपोथॅलॅमसने पहिला निरोप धाडला, त्याच्याच पेशींना ‘पुरे’ सांगतं.

हे सांगणं दोन वेगांनी होतं. पहिला वेग मिनिटांचा. कॉर्टिसॉल पोचलं की हायपोथॅलॅमसमधल्या सीआरएचच्या पेशी एक स्निग्ध रेणू बाहेर सोडतात. तो उलट्या दिशेने, निरोप आणणाऱ्या मज्जातंतूकडे जातो आणि त्याचा आवाज कमी करतो. भांगेतलं रसायन मेंदूत ज्या कुलपांना लागतं, त्याच कुलपांची ही शरीराची स्वतःची किल्ली. अशा किल्ल्यांपैकी पहिली १९९२ मध्ये इस्रायलमधल्या प्रयोगशाळेत सापडली, तेव्हा तिचं नाव ठेवलं आनंदामाइड, आपल्या ‘आनंद’ या संस्कृत शब्दावरून. ताणाच्या संप्रेरकाने स्वतःलाच आवर घालायला आनंदामाइडच्या भावंडांची मदत घ्यावी, हे वर्गात सांगताना माझ्या अंगावर अजूनही काटा येतो.

दुसरा वेग तासांचा, आणि तो जनुकांपर्यंत जातो. पेशीच्या आत कॉर्टिसॉलची वाट पाहणारी ग्राही प्रथिनं असतात. ती दोन जातींची. एक जात कॉर्टिसॉलला फार घट्ट धरते, त्यामुळे रोजच्या साध्या लाटांनीच ती व्यापलेली असते. दुसरीची पकड सैल, म्हणून पातळी चढली तरच ती भरते. म्हणजे ‘रोजचं काम’ आणि ‘आणीबाणी’ यांतला फरक पेशीला या दोन पकडींवरून कळतो. भरलेलं ग्राही केंद्रकात शिरतं, सीआरएच आणि एसीटीएच यांच्या जनुकांचं काम मंदावतं. त्याच वेळी ते एफकेबीपी५ नावाचं प्रथिन वाढवतं, जे त्या ग्राहीचीच पकड आणखी सैल करतं. आवर्तनात आवर्तन. इथे एखाद्या वाचकाचा धागा सुटला तर हरकत नाही. टाकी आणि गोळा एवढं लक्षात राहिलं तरी पुढचं कळेल.

डॉक्टर हा गोळा नीट चालतो का, हे तपासूनही पाहतात. रात्री अकराच्या सुमाराला डेक्सामेथासोन या, कॉर्टिसॉलसारखंच काम करणाऱ्या कृत्रिम स्टेरॉइडची एक मिलिग्रॅमची गोळी देतात आणि सकाळी आठला रक्त घेतात. निरोगी शरीराला वाटतं टाकी भरलेली आहे, म्हणून ते स्वतःचं कॉर्टिसॉल बनवणं थांबवतं. सकाळचा आकडा खाली आला नाही, तर कुशिंगचा, म्हणजे कॉर्टिसॉल कायम जास्त राहण्याचा, आजार आहे का, हे पुढे शोधतात.

त्या हिरव्या पुडीची मला भीती वाटते तीही याच गोळ्यामुळे. सांधेदुखीच्या, दम्याच्या नावाने आपल्याकडे विकल्या जाणाऱ्या काही ‘देशी’ पुड्यांत स्टेरॉइड मिसळलेलं आढळलेलं आहे. घेणाऱ्याला चार दिवसांत तरतरी येते आणि विश्वास बसतो. आतमध्ये मात्र गोळा कायम वर अडकलेला असतो. महिनोन् महिने निरोप न मिळाल्याने अधिवृक्क ग्रंथी आक्रसते. मग एक दिवस पुडी संपते किंवा नातू ती फेकून देतो, आणि ताप-जुलाबासारख्या साध्या आजारातही रक्तदाब कोसळून जिवावर बेतू शकतं. कधी अशी पुडी दीर्घकाळ घेतली असेल तर ती आपणहून एकदम बंद करू नका, डॉक्टरांना दाखवून त्यांच्या सल्ल्याने कमी करा. आणि मन शांत राहावं म्हणून चंद्रासाठी मोत्याची अंगठी सांगणाऱ्यांना एवढंच विचारा, की ती या साखळीतल्या कोणत्या कडीवर काम करते.

मग ताणाने नुकसान होत नाही का? होतं. १९३६ मध्ये माँट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठात हान्स सेली यांनी उंदरांना थंडी, जखमा, अतिश्रम, निरनिराळी द्रव्यं अशा वेगवेगळ्या मार्गांनी छळलं. प्रत्येक वेळी तीच तीन लक्षणं: अधिवृक्क ग्रंथी सुजलेली, थायमस ही छातीतली प्रतिकारशक्तीची ग्रंथी आक्रसलेली, जठरात व्रण. पुढे न्यूयॉर्कच्या ब्रूस मॅक्युएन यांना १९६८ मध्ये उंदराच्या मेंदूत, स्मृतीचं काम करणाऱ्या हिप्पोकॅम्पसमध्ये ताणाच्या संप्रेरकाची ग्राही सापडली. उंदराला तीन आठवडे, रोज सहा तास जखडून ठेवलं, की तिथल्या मज्जापेशींच्या फांद्या आखूड होतात. ताण थांबवला की त्या पुन्हा वाढतात, हे मला तितकंच महत्त्वाचं वाटतं. हिप्पोकॅम्पस हाही ‘पुरे’ सांगणाऱ्यांपैकी एक, त्यामुळे तो दुबळा झाला की नळ बंद करणारा एक हात कमी होतो. थोडक्यात, नळ उघडणं हा दोष नव्हे. तो मिटण्याआधीच पुन्हा उघडत राहणं, ते घातक.

आणि माणसाचा नळ वाघ पाहूनच उघडतो असं नाही. १९९३ मध्ये जर्मनीतल्या ट्रियर विद्यापीठाने एक चाचणी बसवली. निर्विकार चेहऱ्याच्या परीक्षकांसमोर पाच मिनिटं बोलायचं, मग १०२२ मधून तेरा-तेरा वजा करत जायचं, चुकलं की पुन्हा पहिल्यापासून. एवढ्यावर लाळेतलं कॉर्टिसॉल दुप्पट ते चौपट झालं. लोक आपल्याला जोखताहेत आणि आपल्या हाती काही नाही, या दोन गोष्टी एकत्र आल्या की नळ हमखास उघडतो.

हाती काही नसतानाही नुसत्या पूर्वसूचनेने किती फरक पडतो, याचा सर्वांत सुंदर प्रयोग अमेरिकेतल्या जे वाइस यांचा. दोन उंदरांना अगदी सारखे विजेचे झटके. एकाला प्रत्येक झटक्याआधी आवाज ऐकू येई. दुसऱ्याला आवाज येई, पण कधीही, झटक्याशी संबंध नसलेला. जठरातले व्रण पहिल्याला कितीतरी कमी. त्याला झटका टाळता येत नव्हता, पण आवाज नाही तोवर धोका नाही, एवढं ठाऊक होतं. तेवढ्या वेळात त्याचा नळ मिटत होता. मुंबईकराला हे सांगावं लागत नाही. इंडिकेटरवर गाडी वीस मिनिटं उशिरा असं लिहिलेलं असेल तर माणूस चहा घेतो. इंडिकेटरच बंद असेल तर तो वीस मिनिटं रुळांकडे पाहत उभा राहतो. आमच्या कॉलेजात आता प्रात्यक्षिकाच्या दिवशी कुणाचा नंबर किती वाजता, ते फळ्यावर लिहितो; मुलं सकाळपासून दारात ताटकळत नाहीत.

ब्रिटिश सरकारी नोकरांच्या १९६७ मध्ये सुरू झालेल्या व्हाइटहॉल पाहणीत हृदयविकाराने मरण्याचं प्रमाण साहेबांपेक्षा सर्वांत खालच्या पायरीवरच्या निरोप्यांत तिपटीहून जास्त निघालं. धूम्रपान, रक्तदाब, कोलेस्टेरॉल हिशोबात धरूनही मोठा फरक उरला. आपल्या कामावर आपला ताबा किती, हे त्यात महत्त्वाचं असल्याचं नंतरच्या अभ्यासांत दिसलं. म्हणून कर्मचाऱ्यांना ध्यानाचं शिबिर देऊन ड्युटीचा तक्ता मात्र आदल्या रात्री कळवणाऱ्या व्यवस्थापनाचं मला पटत नाही. तक्ता आठवडाभर आधी लावा, त्याला पैसेही लागत नाहीत.

स्वतःच्या हातात काय? श्वास. एरवी आपण मिनिटाला बारा ते अठरा श्वास घेतो. सहा घेतले, म्हणजे एक श्वास दहा सेकंदांचा, की एक गंमत होते. मानेतल्या आणि हृदयाजवळच्या मोठ्या रोहिण्यांत दाब मोजणारे संवेदक असतात. दाब वाढला की ते मेंदूला कळवतात, मेंदू व्हेगस चेतातंतूतून हृदय मंदावतो. हेही एक बॉलकॉकच, आणि त्याचा स्वतःचा झोका सुमारे दहा सेकंदांचा. श्वास त्याच तालात आला की योग्य क्षणी झोपाळ्याला धक्का दिल्यासारखं होतं. इटलीतल्या बर्नार्डी यांनी २००१ मध्ये २३ जणांवर पाहिलं, की लॅटिनमधली जपमाळ आणि ‘ओम मणि पद्मे हुम्’ हा मंत्र, दोन्ही म्हणताना श्वास सहाच्या आसपास येतो. आपल्याकडे लोणावळ्याला स्वामी कुवलयानंदांनी १९२४ मध्ये कैवल्यधाम सुरू केलं ते याच ध्यासाने, योगक्रिया मोजायच्या, क्ष-किरणांखाली पाहायच्या, मगच बोलायचं. हळू श्वासाने धडधड मिनिटांत उतरते. आधीच रक्तात आलेलं कॉर्टिसॉल मात्र आपल्या वेळानेच ओसरतं, त्यामुळे भांडणानंतरचा मेसेज तासाभराने पाठवा. आणि आठवडेच्या आठवडे झोप नाही, जेवण जात नाही, जगणं नको वाटतं असं असेल, तर श्वासावर थांबू नका. टेलिमानसचा १४४१६ हा सरकारी नंबर चोवीस तास चालू असतो, मराठीतही बोलता येतं.

मावशीला शेवटी विचारलं, तुला झोप येत नाही ती नक्की कशाने? दादा चाकणला रात्रपाळीला जातो, बाइकवरून येतो, कधी दीड, कधी तीन. ती अकरापासून गेटच्या आवाजाकडे कान लावून असते. आता तो कंपनीतून निघताना ‘निघालो’ एवढा मेसेज टाकतो. मावशीने त्या मेसेजला वेगळी रिंगटोन लावून घेतली आहे आणि ती वाजेपर्यंत झोपते.