ज्यूदोतील शीलसंवर्धन

ज्यूदो या जपानी युद्धकलेच्या सरावातून विद्यार्थ्याच्या स्वभावाला वळण लावण्याची पद्धती. ज्यूदोचे प्रवर्तक जिगोरो कानो (१८६०–१९३८) पेशाने शिक्षक होते. १८८२ मध्ये टोकियोतील एइशोजी या बौद्ध मंदिरात त्यांनी कोदोकान ही संस्था मोजक्या विद्यार्थ्यांनिशी सुरू केली.

हे नैतिक अंग नेमके कोठून आले, याबद्दल मतभेद आहेत. काही लेखक त्याचे मूळ सामुराईंच्या आचारधर्मात शोधतात. ‘ज्यूदो’ हे नावही कानोंचे नवे नव्हे. जुजुत्सू (निःशस्त्र झुंजीची जुनी जपानी विद्या) शिकवणाऱ्या जिकिशिन घराण्यात ते बहुधा अठराव्या शतकापासून रूढ होते. मात्र जुन्या जुजुत्सू घराण्यांचा भर मुख्यतः डावपेचांवर होता. १८८९ च्या व्याख्यानात कानोंनी ज्यूदोची तीन अंगे सांगितली : ताइइकुहो (शरीरशिक्षण), शोबुहो (झुंजविद्या) आणि शूशिनहो (मनःसंस्कार). त्या काळी जपानी शाळांतील नीतिशिक्षणाच्या विषयालाही ‘शूशिन’च म्हणत, परंतु त्यातील ‘शिन’चे चिन्ह ‘देह, स्वतः’ या अर्थाचे, तर कानोंचे ‘मन’ या अर्थाचे आहे. बौद्धिक, नैतिक व शारीरिक अशी शिक्षणाची त्रिविध विभागणी करणाऱ्या इंग्रज तत्त्वज्ञ हर्बर्ट स्पेन्सरची छापही येथे अनेकांना जाणवते. त्यामुळे या विचाराचे श्रेय प्राचीन परंपरेपेक्षा मेजीकालीन (१८६८–१९१२) शिक्षणविचाराला देणे अधिक सयुक्तिक वाटते.

प्रत्यक्षात हे शिक्षण पडण्यापासून सुरू होते. उकेमीत (इजा न होता पडण्याच्या तंत्रात) विद्यार्थी हनुवटी छातीशी घेतो आणि पाठ टेकता टेकता पसरलेल्या हाताने चटईवर थाप मारतो. हे शेकडो वेळा केल्यावर पडण्याची धास्ती ओसरते. जोडीदाराला फेकणारा त्याची बाही शेवटपर्यंत सोडत नाही. त्या पकडीमुळे खालच्याचे डोके आपटत नाही. समोरच्याने विश्वासाने आपले शरीर हाती दिले आहे, ही जाणीव उपदेशापेक्षा या पकडीतून खोल रुजते. आरंभी व अखेरीस परस्परांना वाकून नमस्कार (रेई) करण्यामागेही हीच कृतज्ञता आहे. कानोंनी पुढे ‘सेइर्योकु झेन्यो’ (शक्तीचा सर्वोत्तम विनियोग) व ‘जिता क्योएइ’ (स्वतःसह इतरांचा उत्कर्ष) ही तत्त्वे मांडली.

दुसऱ्या महायुद्धानंतर बंद पडलेला शालेय ज्यूदो १९५० मध्ये पुन्हा सुरू झाला. २०१२ पासून जपानच्या माध्यमिक शाळांत युद्धकलाशिक्षण सक्तीचे झाले. डोक्याच्या दुखापतींनी विद्यार्थी दगावल्याच्या घटनांमुळे त्या वेळी पालकांत चिंता होती. उकेमी पक्की होईपर्यंत फेकीचे डाव शिकवू नयेत, असा आग्रह तेव्हा धरला गेला.