वळणलिपीचे शास्त्रीबुवा आणि त्यांच्यामागचं बडोदं

वळणलिपी शोधून काढणारे शास्त्रीबुवा कुठल्याही दप्तरात सापडायचे नाहीत. ते माझ्या कथेतले आहेत. पण लिहिलेली ओळ काळाला मागेपुढे सरकवते ही कल्पना मला बडोद्यात सुचली, आणि ती इथेच सुचावी अशी या गावाची कालगणना आहे.

बडोद्यातल्या मराठी घरात वर्ष दोनदा बदलतं. शक चैत्रात, गुढीपाडव्याला. गुजराती विक्रम संवत कार्तिकात, दिवाळीच्या पाडव्याला. उज्जैन-काशीच्या पंचांगात मात्र विक्रम संवतही चैत्रातच पुढे जातो. त्यामुळे चैत्रापासून आश्विनापर्यंत सुमारे सात महिने एकाच दिवसाला दोन संवत असतात. काशीहून आलेल्या पत्रावर १९५६, तर इथल्या सावकाराच्या चोपडीत अजून १९५५. जुन्या मराठी कागदांत भर म्हणून शुहूर सनही भेटतो. तो मृग नक्षत्राला बदलतो आणि त्याचे आकडे अरबी शब्दांत लिहिलेले असतात.

शास्त्रीबुवांचं बालपण मी या जुळवाजुळवीत घातलं. वडील दप्तरात कारकून, म्हणून हातात लहानपणापासून मोडी. मोडीत आधी कागदाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत रेघ ओढायची, मग बोरू शक्य तितका न उचलता अक्षरं तिला लटकवत जायची. पुढे ते संस्कृतकडे वळतात आणि श्रावणमास दक्षिणेच्या परीक्षेला ज्योतिष घेऊन बसतात. ही दक्षिणा पूर्वी ब्राह्मणांना सरसकट वाटली जायची. सयाजीराव महाराजांनी ती परीक्षेशी जोडली. महाराजांच्या कारभारातली ही गोष्ट मला फार मोठी वाटते.

वळणलिपीचा नियम असा: दोन संवतांच्या त्या फटीत, बोरू एकदाही न उचलता लिहिलेली ओळ दोन्ही वर्षांत एकदम उमटते, आणि तिच्यात घातलेली मिती खरा दिवस आपल्याकडे ओढून घेते. पोथ्या लिहिणारे चुकलेल्या अक्षरावर हरताळ या पिवळ्या खनिजाचा लेप देत. शास्त्रीबुवा तो लेप दिवसावर देतात. जितका काळ पुसला, तितका लिहिणाऱ्याच्या वयात चढतो.

या विद्येची परीक्षा कुठे घ्यायची, याबद्दल मला कधी शंका नव्हती. १८९९ साली गुजरातेत पाऊस गेला. त्या दिवाळीला संवत १९५६ लागला आणि त्या वर्षाचं नाव दुष्काळाला कायमचं चिकटलं : छप्पनियो. बडोदे संस्थानात १८९१ च्या खानेसुमारीत २४ लाखांवर माणसं होती. १९०१ मध्ये साडेएकोणीस लाखच भरली. दुष्काळ आणि रोगराई, दोन्हींनी माणसं नेली. शास्त्रीबुवा आश्विन अमावास्येला लिहायला बसतात, छप्पन सालाला दाराबाहेर रोखायला. साल थांबतं. गावात पाडवा उजाडत नाही, चोपडीपूजन होत नाही. विहिरी मात्र तशाच कोरड्या, कारण पाऊस ज्या आषाढ-श्रावणात पडायचा राहिला, ते महिने पंचावन्नचेच होते. काशीच्या पंचांगाने तर छप्पन चैत्रातच येऊन बसलेलं. वर्षाचा आकडा अडवून धान्य उगवत नाही हे त्यांना कळतं, तोवर त्यांचे केस पांढरे झालेले असतात. मग ते स्वतःच आपली ओळ पुसतात आणि दिवाळी होऊ देतात. छप्पनियोची खरी मोजदाद ज्या गावात झाली, तिथे त्याला जादूने पळवून लावण्याची गोष्ट लिहिणं मला मान्य नव्हतं.

दुष्काळानंतरची त्यांची वर्षं मी पोथ्यांना दिली आहेत. इतिहासही इथे हाताशी होता. १९१० मध्ये महाराजांनी अमेरिकेतून विल्यम बॉर्डन यांना बोलावून संस्थानभर ग्रंथालयांचं जाळं उभं करायला घेतलं, मध्यवर्ती ग्रंथालयाच्या संस्कृत विभागात हस्तलिखितं जमू लागली आणि चिमणलाल दलालांनी पाटणचे जैन ग्रंथभांडार तपासले. तोच विभाग १९२७ मध्ये प्राच्यविद्या मंदिर म्हणून वेगळा झाला. वाल्मीकि रामायणाची चिकित्सक आवृत्ती पुढे तिथेच तयार झाली. शेकडो वर्षांच्या नकला समोर मांडून, त्यांच्यातले फरक मोजत हरवलेल्या पाठाकडे मागे मागे जायचं, ही संपादनाची रीत वळणलिपीच्या फार जवळची आहे. फक्त तिथे कुणाचं वय खर्ची पडलं तरी ते सावकाश पडतं.

शास्त्रीबुवा या विभागात नकलनवीस म्हणून राहतात. पोथीच्या शेवटी शक, संवत, मास, पक्ष, तिथी आणि वार सगळं लिहायचं, असा हट्ट ते प्रत्येक नव्या लेखकाकडे धरतात; कथेत ही वळणलिपीवरची एकमेव बंदी आहे. सगळ्या गणना एका जागी आल्या की पान हलत नाही. बडोद्याच्याच गायकवाड प्राच्य ग्रंथमालेचा पहिला ग्रंथ, राजशेखराची ‘काव्यमीमांसा’ ही काव्यशास्त्रावरची संस्कृत पोथी, १९१६ मध्ये छापून आला. तिचा हाती लागलेला भाग अठराव्या अध्यायावर थांबतो आणि त्या अध्यायाचा विषय आहे कालविभाग. माझ्या कथेचा दुसरा भाग त्या अध्यायाच्या मुद्रितांपासून सुरू होतो.