तसबिरी टांगण्याची लाकडी पट्टी

छताच्या खाली भिंतीवर आडवी बसवलेली, वरच्या कडेला गोलसर उठाव असलेली लाकडी पट्टी. उठावावर पितळी किंवा पोलादी आकडा अडकवून तारेने अथवा साखळीने तसबीर खाली सोडतात. एकोणिसाव्या शतकात इंग्लंडमध्ये ही सोय रूढ झाली. खिळा ठोकला की चुन्याच्या गिलाव्याचे ढपले निघतात, ते यामुळे टळते आणि तसबीर हवी तेव्हा बाजूला सरकवता येते.

बेळगाव, खानापूर, निपाणी या सीमाभागातील जुन्या मराठी घरांत हेच काम साधी चौकोनी पट्टी करते. सोप्याच्या भिंतीवर, दाराच्या चौकटीच्या वर तिची जागा. देवादिकांच्या, शिवछत्रपतींच्या आणि घरातल्या गेलेल्या माणसांच्या तसबिरी तिच्यावर ओळीने, किंचित पुढे झुकलेल्या असतात. तसबिरीच्या चौकटीमागच्या, तार ओवायच्या कड्या वरच्या काठापासून जितक्या खाली, तितका हा झुकाव जास्त.

जड काय असते? चित्राचा कागद नव्हे. राजा रविवर्म्यांच्या छापखान्यातून (स्थापना १८९४) निघालेली देवतांची चित्रे कागदावरचीच, पण सागवानी चौकट आणि काच चढली की वजन वाढते. ३ मि.मी. जाडीची काच दर चौरस मीटरला सुमारे साडेसात किलो भरते, म्हणजे ६० × ९० सें.मी. तसबिरीत नुसती काचच चार किलोची. अंदाज करण्यापेक्षा वाण्याच्या काट्यावर तोलून घेतलेले बरे.

तारेवरचा ताण वजनाइतकाच असतो असे नाही. दोन कड्यांतून तार ओढून ती एकाच आकड्यावर टाकली, तर तिच्या तिरपेपणावर ताण ठरतो. १० किलोच्या तसबिरीला तार आडव्या रेषेशी ६० अंशांत असेल तर प्रत्येक बाजूवर सुमारे ५.८ किलो, ३० अंशांत १० किलो, आणि जवळजवळ सपाट, १५ अंशांत असेल तर १९ किलोंहून अधिक. त्यामुळे जड तसबिरीला दोन आकडे लावून दोन उभ्या तारा सोडाव्यात. मग प्रत्येकीवर पाचच किलो येतात आणि तसबीर तिरकीही होत नाही.

तरीही तसबिरी पडतात त्या बहुधा तारेमुळे नव्हे. आकड्याच्या पाकिटावर लिहिलेला भार आकड्यापुरता असतो. पट्टी भिंतीला कशी धरली आहे हे पाकीट सांगत नाही. जुन्या पट्ट्या दगडांच्या सांध्यांत ठोकलेल्या लाकडी गुट्ट्यांना खिळलेल्या असतात, आणि गुट्टा वाळवीने पोखरला तरी रंगाखालची पट्टी वर्षानुवर्षे धडधाकट दिसते. बोटाने वाजवून पाहावी, दोन्ही हातांनी खाली ओढून पाहावी. पोकळ आवाज आला किंवा भिंतीपासून फट दिसली तर तिच्यावर काहीही टांगू नये.

नव्याने बसवताना खिळ्यांऐवजी स्क्रू घ्यावेत, तेही गिलाव्याच्या पलीकडे चिऱ्यात किमान ४ सें.मी. रुतणारे. बेळगाव-खानापूरकडचा जांभा मऊ असतो. हॅमर ड्रिलने त्यात भोक सैल होते, म्हणून साधे ड्रिल चालवावे आणि चिऱ्याच्या मधोमध, सांधा सोडून. मातीच्या भिंतीत स्क्रू धरणारा प्लग टिकत नाही. तिथे पट्टी लाकडी खांबांना किंवा तुळईलाच जोडावी. सुतार हे सांगतो, पण घाईत असलेला घरमालक सहसा ऐकत नाही.

आणखी एक फसगत विजेची. जुन्या घरांत वायरिंगची लाकडी पट्टी साधारण याच उंचीवरून जाते आणि रंग दिल्यावर दोन्ही सारख्याच दिसतात. तिच्यावर आकडा अडकवू नये, जवळपास भोकही पाडू नये.

खानापूरच्या पावसात साधी लोखंडी तार गंजते, सुतळी कुजते. नायलॉनची दोरी ताणत जाऊन तसबीर हळूहळू खाली येते. पीळ दिलेली स्टेनलेस तार टिकते. दसऱ्याच्या साफसफाईत तसबिरी उतरवतातच, तेव्हा कड्यांचे स्क्रू आणि तारेचे टोक पाहावे. एखादा पदर तुटलेला असला तर गाठ मारून चालवू नये, पूर्ण तार बदलावी.