डॉक्टर फाउस्ट: विरोधकांनी लिहिलेलं चरित्र

अणुऊर्जेचा वाद असो की जनुकं बदलण्याचा, तो तापला की कुणीतरी ‘फाउस्टचा करार’ काढतंच. ज्ञानासाठी सैतानाला आत्मा विकणारा पंडित, एवढी फाउस्टची ओळख बहुतेकांना असते. हा पंडित कल्पनेतला खरा. पण त्याच नावाचा एक हाडामांसाचा माणूस सोळाव्या शतकाच्या पूर्वार्धात जर्मनीत गावोगाव हिंडत होता. त्याच्याविषयी जे कळतं, ते बहुतेक सगळं त्याच्या विरोधकांनी लिहून ठेवलेलं आहे.

पहिला ठळक पुरावा 1507 सालचा. ट्रिथेमियस या मठाधिपतीने हायडेलबर्गच्या दरबारी ज्योतिष्याला लिहिलेल्या पत्रात या माणसावर यथेच्छ तोंडसुख घेतलंय. हा म्हणे स्वतःला भूतविद्येचा झरा म्हणवतो, हात, आग, पाणी बघून भविष्य सांगतो, ख्रिस्ताचे चमत्कार मीही करून दाखवीन म्हणतो. असा बडबड्या भटक्या चाबकाने फोडून काढायच्या लायकीचा! गंमत अशी, की खुद्द ट्रिथेमियसवरही जादूटोण्याचा संशय होता. गुप्तलिपीवरचा त्याचा ग्रंथ त्याने आत्म्यांकरवी निरोप धाडण्याच्या भाषेत लिहिला होता आणि पुढे 1609 मध्ये चर्चने तो निषिद्ध ठरवला.

त्यापेक्षा हिशेबाच्या वह्या आणि नगरपालिकांची दप्तरं बरी. बांबर्गच्या बिशपच्या जमाखर्चात 1520 साली ‘डॉक्टर फाउस्टस’ला पत्रिका मांडल्याबद्दल 10 गुल्डन (तेव्हाची नाणी) दिल्याची नोंद आहे. इंगोलश्टाटच्या अधिकाऱ्यांनी 1528 मध्ये त्याला सांगितलं, गाव सोड आणि तुझे पैसे दुसरीकडे खर्च कर. वर सूड उगवणार नाही असं वचनही घेतलं. हाकलायचं तर होतं, पण मनात धाकधूकही होती! न्युरेनबर्गने 1532 मध्ये त्याला प्रवेशाची हमी नाकारली. नाव गेओर्ग की योहान, जन्म क्निटलिंगेनचा की हेल्मश्टाटचा, यावर अभ्यासकांचं अजून एकमत नाही. 1540 च्या सुमारास श्टाउफेन गावी तो मेला, असं मानलं जातं.

तो भोंदू होता का? असेलही. पण तेव्हा खगोल आणि ज्योतिष एकाच घरात नांदत होते. फाउस्टच्या भुताखेतांच्या कथा सांगणारा धर्मसुधारक मेलांख्टोन स्वतः ज्योतिषावर व्याख्यानं द्यायचा. नंतरच्या काळात, 1608 मध्ये, खगोलशास्त्रज्ञ केप्लरने सेनानी वालेनश्टाइनची पत्रिका मांडली. मला वाटतं, फाउस्टचा खरा गुन्हा हा धंदा विद्यापीठाच्या किंवा दरबाराच्या आश्रयाशिवाय करण्याचा होता.

त्याला अजरामर केलं ते फ्रांकफुर्टचा मुद्रक योहान श्पीस याने 1587 मध्ये छापलेल्या एका निनावी पुस्तकाने. रक्ताने सही करून केलेला 24 वर्षांचा करार त्यात आहे. गरुडाचे पंख लावून आकाश-पृथ्वीचा ठाव घ्यायला निघाला, हा त्याच्यावरचा आरोप. म्हणजे जिज्ञासा हेच पाप. शेवट मात्र लेखकाने चवीचवीने रंगवलाय: सकाळी विद्यार्थी खोलीत येतात तेव्हा भिंतीला मेंदू चिकटलेला, डोळे आणि दात विखुरलेले, आणि धड बाहेर शेणखताच्या ढिगावर. धर्मोपदेशाच्या नावाखाली असला मसाला कोणाला नको असतो? पुस्तक धडाक्यात खपलं आणि लवकरच इंग्रजीतही गेलं.

त्या इंग्रजी भाषांतरावरून इंग्रज नाटककार मार्लोने नाटक रचलं. त्याचा फाउस्ट विश्वाची गुपितं मागायला जातो आणि मिळालेली शक्ती पोपची टिंगल करण्यात, ऐन थंडीत एका डचेसला द्राक्षं आणून देण्यात उधळतो. नरकात तोही जातोच. इंग्रज नटांच्या फिरत्या मंडळ्यांनी ही कथा परत जर्मनीत नेली, तिथे ती कळसूत्री बाहुल्यांच्या खेळांत उतरली, आणि त्या खेळांतून ती जर्मन कवी गोएथेला भेटली.

गोएथेने जवळजवळ 60 वर्षं या विषयाचा पिच्छा सोडला नाही. पहिला भाग 1808 मध्ये आला, दुसरा त्याच्या मृत्यूनंतर 1832 मध्ये. त्याच्या नाटकात करार जाऊन तिथे मेफिस्टो या सैतानाशी पैज आली: एखाद्या क्षणाला ‘थांब, तू किती सुंदर आहेस’ म्हणालो, तर मी हरलो. फ्रांकफुर्टमध्ये बालहत्येबद्दल जानेवारी 1772 मध्ये शिरच्छेद झालेल्या सुझाना मार्गारेटा ब्रांट हिच्या खटल्यातून त्याची ग्रेचेन, फाउस्टच्या प्रेमात पडून उद्ध्वस्त होणारी मुलगी, घडली. गोएथे तेव्हा नवा वकील होता. फाउस्ट तरतो आणि ही पोरगी तुरुंगात जीव गमावते, हे मला आजही खटकतं. देवदूतांनी तिच्या आत्म्याची सोय लावली तरी. आपल्याशीही एक धागा आहे. या नाटकाआधी रंगभूमीवरचा जो प्रवेश येतो, तो ‘शाकुंतला’तल्या सूत्रधार-नटीच्या प्रस्तावनेवरून सुचल्याचं मानतात; कालिदासाचं ते नाटक 1791 मध्ये जर्मनीत पोचलं होतं. मराठीत फाउस्ट आणला तो विंदा करंदीकरांनी.

विसाव्या शतकात शास्त्रज्ञांनीच फाउस्टला आपल्यात ओढला. गोएथेच्या स्मृतिशताब्दीला, 1932 मध्ये, कोपनहेगनला भौतिकशास्त्रज्ञ नील्स बोरच्या संस्थेतल्या तरुणांनी नाटकाचं विडंबन केलं: त्यांच्याच क्षेत्रातले एरेनफेस्ट फाउस्ट, पाउली मेफिस्टो, आणि ग्रेचेन म्हणजे तोवर कुणाला न सापडलेला न्यूट्रिनो हा सूक्ष्म कण. पुढच्या दहा-पंधरा वर्षांत तो विनोद उरला नाही. हिरोशिमानंतर दोन वर्षांनी जर्मन कादंबरीकार टोमास मानने आपली जर्मनीच फाउस्टच्या रूपात मांडली.

1972 मध्ये अमेरिकी अणुशास्त्रज्ञ अल्विन वाइनबर्ग यांनी लिहिलं, की आम्ही अणुवाल्यांनी समाजाशी फाउस्टचा करार केला आहे: अक्षय ऊर्जा घ्या, पण पिढ्यान्‌पिढ्या जागता पहारा ठेवायची तयारी ठेवा. वाइनबर्ग अणुऊर्जेचे कट्टर समर्थक होते. विरोधकांनी मात्र हेच वाक्य कबुलीजबाब म्हणून वापरलं. समर्थकाच्या बाजूने गोएथेचा फाउस्ट उभा होता, आणि विरोधकांना दिसत होता तो शेणखतावर पडलेला.