नाकामागची गाठ काढली की प्रतिकारशक्ती जाते?

‘ॲडिनॉइड काढले की मूल जन्मभर आजारी पडतं’ हा निरोप इंदूरच्या आमच्या रामबागेतल्या घरांत वर्षानुवर्षं फिरतोय. भीती समजण्यासारखी आहे, कारण ॲडिनॉइड, म्हणजे नाकामागची ही गाठ, जंतू अडवते हे खरंच. पण ते काम तिचं एकटीचं नाही. टॉन्सिल, जिभेच्या मुळाशी असलेली तशीच पेशीजाळी, मानेतल्या गाठी, सगळ्या तेच करतात. शिवाय ॲडिनॉइड लहानपणी वाढतं आणि किशोरवयात आपोआप आटतं. आपल्यासारख्या मोठ्यांत ते बहुधा उरलेलंच नसतं!

मग काढतात कशाला? फार वाढलं तर नाकाची मागची वाट बुजते, कानाकडे जाणारी नळीही. मूल तोंडाने श्वास घेतं, कानात पाणी साचून कमी ऐकू येतं. प्रत्येकाला शस्त्रक्रिया लागत नाही. कित्येकदा नाकातला स्प्रे आणि थोडी वाट पाहणं पुरतं.

आरशात बघू नका, ते पडजिभेच्या वर लपलेलं असतं. रात्री मुलाजवळ बसा. घोरता घोरता श्वास थांबतो, मग दचकून सुरू होतो? मोबाइलवर चित्रित करून कान-नाक-घसा तज्ज्ञांना दाखवा. दुर्बिणीने किंवा मानेच्या एक्स-रेने गाठ किती वाढली ते कळतं.