एकाहत्तर सापडेना

गणपती आठ दिवसांवर आले असताना चिपळूणजवळच्या गावाहून मावशीचा फोन आला. "अरे, टीव्हीत एकही चॅनेल नाही. मुंबईचे सगळे यायचेत, त्याआधी येऊन काय ते बघ."

"पावसाने असेल," मी म्हटलं.

"पाऊस कुठाय दोन दिवस! आणि तो शोधतो रे पुष्कळ वेळ. शंभर टक्के होतं, आणि मग लिहून येतं, शून्य."

तिच्या या 'शोधतो'ने माझ्या डोक्यात किडा सोडला. टीव्ही शोधतो म्हणजे नेमकं काय करतो? चॅनेल ही काय वस्तू आहे की ती सापडावी, हरवावी? बहुतेकांच्या डोक्यातलं चित्र असं असतं की तारेतून शंभर चॅनेल शंभर डब्यांसारखे रांगेने येतात आणि टीव्ही एकेक डबा उघडून बघतो. हे चित्र चुकीचं आहे, आणि ते चुकीचं असल्यामुळेच आपण बिघाड भलत्या जागी शोधत बसतो.

गावी पोहोचलो तेव्हा पहिला घोटाळा दोन मिनिटांत कळला. मावशीच्या नातवाने टीव्ही 'रीसेट' करून टाकला होता. त्यानंतर टीव्हीने विचारलं, चॅनेल कुठून घेऊ? अँटेना, केबल की सॅटेलाइट? चिरंजीवांनी पहिलाच पर्याय दाबला. टीव्ही मग इमानेइतबारे हवेत शोधत बसला, आणि हवेत काही नव्हतं. 2 ऑक्टोबर 1972 ला मुंबई दूरदर्शन सुरू झालं तेव्हापासून आपण ज्या कौलावरच्या काड्यांच्या अँटेनावर टीव्ही बघितला, ते जमिनीवरचं अ‍ॅनालॉग प्रक्षेपण आता इतिहासजमा आहे. मोक्याच्या जागचे पन्नासेक ट्रान्समीटर वगळता बाकीचे सगळे मार्च 2022 पर्यंत बंद करायचं प्रसार भारतीने 2021 मध्येच जाहीर केलं होतं. तेव्हा नवा टीव्ही घेऊन मागे तार न लावता 'ऑटो स्कॅन' केला आणि शून्य आलं, तर टीव्ही खरं तेच सांगतोय.

रिमोटवर सोर्सचं बटण दाबून सेटटॉप बॉक्सवर आलो. तिथेही शून्य. म्हणजे दुसरा घोटाळा खरा होता. बॉक्सच्या मेन्यूत सिग्नलचं पान उघडलं. त्यावर दोन पट्ट्या असतात, स्ट्रेंग्थ आणि क्वालिटी. मावशीकडे स्ट्रेंग्थ 78 आणि क्वालिटी 0.

"अठ्ठ्याहत्तर आहे की! पहिल्या वर्गात पास," मावशी म्हणाली.

दुरुस्तीला येणारी पोरंसुद्धा इथेच फसतात. सिग्नल तर भरपूर आहे, मग बॉक्स गेला, नवा घ्या! म्हणून या 78 चा अर्थ आधी बघू.

मावशीकडे दूरदर्शनची फ्री डिश आहे. तिचे कार्यक्रम जीसॅट-15 वरून येतात. 11 नोव्हेंबर 2015 च्या पहाटे हा उपग्रह फ्रेंच गयानातल्या कौरूहून एरियान-5 ने वर गेला. विषुववृत्तावर 35,786 किलोमीटर उंचीवर, 93.5 अंश पूर्व रेखांशाला, म्हणजे सुमात्राच्या पश्चिमेला समुद्रावर तो उभा असल्यासारखा दिसतो. पृथ्वीच्याच वेगाने फिरत असल्याने आपल्याला स्थिर वाटतो, हे शाळेत झालंय. चिपळूणपासून त्याचं अंतर साडेछत्तीस हजार किलोमीटर. त्याच्या एका ट्रान्सपाँडरची (सिग्नल झेलून परत खाली सोडणाऱ्या यंत्राची) ताकद शे-दीडशे वॅट, जुन्या पिवळ्या बल्बाएवढी, आणि तो उजेड अख्ख्या देशावर पसरायचा. मावशीच्या दोन फुटी छत्रीत त्यातलं किती पडतं? वॅटचा साधारण लाख कोटीवा भाग, फार तर त्याच्या दुप्पट.

एवढीशी ऊर्जा छत्री एका बिंदूवर गोळा करते. तिथे एलएनबी बसलेला असतो, छत्रीच्या दांड्याच्या टोकाला असतो तो मुठीएवढा पांढरा डबा. तो दोन कामं करतो. एक, 11 गिगाहर्ट्झच्या आसपासच्या लहरीतून 9.75 वजा करतो आणि ती तारेतून धावू शकेल अशा सव्वा गिगाहर्ट्झवर आणतो. दुसरं, तिला काही लाख पटींनी मोठी करतो. पण तो एकटा सिग्नल मोठा करत नाही. स्वतःच्या इलेक्ट्रॉन्सची खुसखुस, आकाशाची खुसखुस, छताची, माडाची ऊब, सगळंच लाख पट होतं. स्ट्रेंग्थची पट्टी हा सगळा गोंगाट मिळून मोजते. जत्रेत आवाज प्रचंड असतो, पण कोण काय बोलतंय ते कळत नाही, तसं. छत्री मोकळ्या आभाळाकडे वळवली तरी स्ट्रेंग्थ बऱ्यापैकी दिसते. 78 चा अर्थ एवढाच की एलएनबी जिवंत आहे, तार धड आहे. तार तुटली असती किंवा जोडणीत पाणी गेलं असतं तर हीच पट्टी तळाला गेली असती.

खरी गोष्ट क्वालिटीच्या पट्टीत आहे. इथून पुढे मी जरा रमणार आहे. घाई असेल त्यांनी गच्चीवर जावं.

उपग्रहावरून येतात ते नुसते शून्य आणि एक. लहर चार प्रकारे पुढेमागे सरकवून दर ठोक्याला दोन बिट पाठवले जातात, आणि ठोके सेकंदाला जवळपास तीन कोटी. मेन्यूत जो '29500' आकडा असतो तो हाच, हजारांत लिहिलेला. आता गंमत अशी की बॉक्स चालू होतो तेव्हा तो या प्रवाहात मध्येच कुठेतरी उडी मारतो. शब्द कुठे सुरू होतो, कुठे संपतो, काही ठाऊक नाही. ज्यांनी मोडी वाचायचा प्रयत्न केलाय त्यांना ही अवस्था माहीत आहे. वर सरळ रेघ, खाली अक्षरं एकाला एक लागून, शब्द तोडायला जागाच नाही. मग वाचणारा काय करतो? एखादी ओळखीची अक्षरजोडी शोधतो आणि तिथून मागेपुढे जातो.

बॉक्सची ओळखीची खूण आहे 71 हा आकडा. नुसत्या शून्य-एकात लिहिला तर 01000111. सगळा मजकूर 188 बाइटच्या (आठ बिटांचा एक बाइट) पुडक्यांत बांधलेला असतो आणि प्रत्येक पुडक्याचा पहिला बाइट 71 असतो. प्रवासात जपणूक म्हणून प्रत्येक पुडक्याला आणखी 16 बाइटची झूल चढवतात, त्यामुळे हवेतून येताना पुडकं 204 बाइटचं. बॉक्सला कुठेतरी 71 दिसला की तो लगेच विश्वास ठेवत नाही. निव्वळ योगायोगानेही 256 मध्ये एकदा 71 निघतोच. म्हणून तो 204 बाइट पुढे जाऊन बघतो, तिथेही 71 आहे? आणखी 204 पुढे? असे लागोपाठ पाच योगायोगाने जुळायचे तर शक्यता सुमारे एक लाख दहा हजार कोटींत एक. तेव्हा पाच जुळले की बॉक्स म्हणतो, सापडलं. यालाच 'लॉक' म्हणतात. तो मिळेपर्यंत क्वालिटीची पट्टी शून्यावरच. त्यातही एक खोड आहे. दर आठव्या पुडक्याला हा आकडा उलटा करतात, शून्याचा एक, एकाचा शून्य. 71 चा 184 होतो. सगळं मिसळून पाठवलेलं पुन्हा कुठून उलगडायला लागायचं ते त्या उलट्या खुणेवरून कळतं. उपग्रहावरून पाठवायच्या नव्या डीव्हीबी-एस2 पद्धतीत खूण वेगळी आहे, पण खेळ हाच.

आणि ती 16 बाइटची झूल? 1960 साली आयर्विंग रीड आणि गुस्ताव सॉलोमन या दोघांनी मांडलेलं हे गणित आहे. 204 पैकी कुठलेही आठ बाइट बिघडले तरी मूळ मजकूर जसाच्या तसा परत काढता येतो. वाण्याकडचा क्यूआर कोडचा कागद कोपऱ्यात फाटलेला असतो, त्यावर तेलाचा डाग असतो, तरी पैसे जातात ना? तिथेही रीड-सॉलोमनच. पण नवव्या बाइटाला माफी नाही. नऊ बिघडले की पुडकं गेलं.

म्हणूनच आता टीव्हीवर मुंग्या येत नाहीत. अ‍ॅनालॉगच्या काळात सिग्नल जसा कमी व्हायचा तसं चित्र विटत जायचं. आधी थोड्या मुंग्या, मग जास्त, मग मुंग्यांतून निवेदिकेचा नुसता आवाज. माणसाचा मेंदू मुंग्यांतूनही चेहरा काढायचा. डिजिटलमध्ये एका ठरावीक मर्यादेपर्यंत सगळ्या चुका गुपचूप दुरुस्त होतात, चित्र लख्ख दिसतं. मर्यादा ओलांडली की चौकटी चौकटी फुटतात, आणि त्याच्या किंचित पुढे काहीच नाही. कड्याच्या टोकापर्यंत सपाट कातळ असतो ना, तसं.

लॉक मिळाल्यावर बॉक्सला एक यादी हाती लागते. उपग्रह कार्यक्रमांबरोबर सतत स्वतःचं कोष्टकही पाठवत असतो: या पुडक्यांत अमुक चॅनेल, त्या फ्रिक्वेन्सीवर माझे बाकीचे. चॅनेल 'सापडले' म्हणजे हे कोष्टक वाचून झालं. डबे नसतात, अनुक्रमणिका असते. ती हाती लागली नाही तर पुस्तक समोर उघडं असूनही बॉक्सच्या लेखी शून्य पानं. (जुन्या एमपेग-2 बॉक्सला काही चॅनेल मुळीच दिसत नाहीत त्याचं कारण निराळं, ते एमपेग-4 या चित्र आवळून बांधायच्या नव्या पद्धतीत बांधलेले असतात आणि त्या बॉक्सला ती गाठ सोडवता येत नाही.)

मेन्यूत आणखी एक जागा तपासली, एलएनबी फ्रिक्वेन्सी. तिथे 9750 हवं. रीसेटनंतर कधी तिथे 5150 येऊन बसतं. तो आकडा जुन्या मोठ्या जाळीच्या सी-बँड छत्र्यांचा. तसं असेल तर बॉक्सची वजाबाकीच चुकते आणि तो भलत्या जागी 71 शोधत बसतो. मावशीकडे 9750 होतं. मग छत्रीच.

गच्चीवर गेलो तर कठड्यावर अर्धवट खाल्लेला पेरू आणि छत्रीच्या दांड्यावर केस. वानर येऊन लटकलं होतं. पण छत्री बघून मावशी म्हणाली, "वाकडी कुठाय? होती तश्शीच आहे." खरंच तशीच वाटत होती. हिशोब असा, दोन फुटी छत्रीची नजर जेमतेम तीन अंश रुंद असते. मधल्या रेषेपासून दीड अंश सरकली की पकड निम्म्यावर. दोन अंश म्हणजे छत्रीचा काठ फक्त एक सेंटीमीटर हलला. एक सेंटीमीटर डोळ्याला दिसत नाही. पण साडेछत्तीस हजार किलोमीटरवर ते अंतर होतं पावणेतेराशे किलोमीटर, चिपळूण ते दिल्ली हवाई मार्गाने असतं साधारण तेवढं.

छत्रीची दिशाही फसवी असते. कोकणातून जीसॅट-15 आग्नेयेला, क्षितिजापासून जवळपास 59 अंश उंच आहे. पण या छत्रीचा एलएनबी मध्यावर न धरता खालच्या बाजूला धरलेला असतो, त्यामुळे तिचं तोंड त्याहून वीस-पंचवीस अंशांनी खाली, समोरच्या आंब्याकडे असल्यासारखं दिसतं. "आंबा आडवा येतोय, तोडू का?" असं विचारणारे मी पाहिलेत. आंब्याला हात लावू नका. त्याच्या बऱ्याच वरून लहर येते.

शेजारचे अण्णा तोवर वर आले होते. त्यांचं म्हणणं, अमावास्येच्या रात्रीपासून गेला, आकाशातलं काहीतरी आहे. आकाशामुळे टीव्ही जातो हे खोटं नाही. मार्चच्या दुसऱ्या आठवड्याच्या सुमारास आणि ऑक्टोबरच्या सुरुवातीला काही दिवस सकाळी अकराच्या आसपास सूर्य बरोबर या उपग्रहाच्या मागे येतो. छत्री मग सूर्याच्याच लहरी गोळा करते आणि काही मिनिटं क्वालिटी कोसळते. पण त्याला चंद्र लागत नाही, आणि त्यावर तोडगा म्हणजे चहा करून घेणे. अण्णांच्या मुलाकडे मोबाइलवर दुसरा उपाय होता, तांब्याची तार आणि नाणं टीव्हीच्या मागच्या भोकाला लावलं की हजार चॅनेल फुकट. भोकाला काहीही लावा, हवेत जे नाही ते तारेत येणार नाही. 5जीने टीव्ही गेला हेही तसंच, 5जीच्या 3.3 ते 3.67 गिगाहर्ट्झच्या लहरी शेजारच्या सी-बँडला त्रास देऊ शकतात, 11 गिगाहर्ट्झला नाही.

नातवाला खाली टीव्हीपुढे बसवला. जुन्या सवयीने मी छत्री भराभर फिरवत "आलं का?" ओरडत होतो. "नाही ओ काका!" पाच-सात वेळा झाल्यावर आठवलं, मुंग्यांच्या काळात डोळ्याला लगेच उत्तर मिळायचं, बॉक्सला मात्र ते पाच 71 मोजून पट्टी हलवायला दोन-तीन सेकंद लागतात. मी बरोबर जागेवरून दर वेळी पुढे निघून जात होतो. मग नट थोडा सैल करून काठ बोटाने जेमतेम अर्धा सेंटीमीटर दाबायचा, मनात तीनपर्यंत मोजायचं, पुन्हा दाबायचा.

चौथ्या दाबाला खालून आवाज आला, "काका, बासष्ट!" आणखी एका दाबाला एकाहत्तर.

"एकाहत्तरच?" मी विचारलं.

"हो, का?"

"काही नाही. स्कॅन कर."

नट आवळले. मावशीने देवघरातून शेंदूर आणून खांबावर आणि छत्रीच्या पट्टीवर मिळून एक आडवी रेघ मारली, पुन्हा हललं तर कळावं म्हणून. मग अर्धा पेरू उचलून आंब्याच्या दिशेने भिरकावला. तिथे दोघं जण बसून आमच्याकडेच बघत होते.