बखर आणि शकावली : कोणाला काय विचारावे

शिवकाळावरच्या लेखांत "बखरीत अशी तारीख आहे" असे वाक्य सर्रास भेटते, आणि पुष्कळदा ती तारीख मुळात शकावलीतली असते. याच्या उलटही घडते. जेधे शकावलीचा हवाला देऊन प्रतापगडच्या भेटीतले संवाद रंगवले जातात, आणि शकावलीत तर संवाद नावालाही नसतो. दोन्ही साधने जुनी, दोन्ही मराठी, दोन्ही हस्तलिखितांतून छापली गेलेली, आणि दोन्हींत गड, लढाया, राजे आणि कारभारी यांचीच ये-जा. त्यामुळे गल्लत सहज होते. मात्र ती झाली की युद्धाचा क्रम चुकतो आणि राजकारणाचा अर्थही चुकतो.

शकावली म्हणजे शकवार लावलेल्या नोंदी. शक, संवत्सराचे नाव, महिना, पक्ष, तिथी, बहुधा वार, आणि त्यापुढे एक-दोन ओळींत काय घडले ते. जेधे शकावली ही भोरजवळच्या कारी गावच्या जेधे देशमुखांच्या घराण्यातली. १९१६ साली लोकमान्य टिळकांनी ती प्रसिद्ध केली. ती शके १५४० म्हणजे इ.स. १६१८ पासून सुरू होते आणि शके १६१९ म्हणजे १६९७ पर्यंत येते. देशमुख-देशपांड्यांच्या घरी अशा नोंदी राहणे स्वाभाविक होते. वतनाचा तंटा उभा राहिला की कोणत्या साली कोणाचा अंमल होता आणि आपल्या घराण्याने कोणाची चाकरी केली, हे सांगता यावे लागे.

बखर ही सलग सांगितलेली हकीकत. ती बहुधा कोणाच्या तरी आज्ञेवरून किंवा विनंतीवरून लिहिलेली असते आणि लिहिणाराला काही पटवून द्यायचे असते. कृष्णाजी अनंत सभासदाने १६९७ च्या सुमारास तमिळ मुलखातल्या जिंजीच्या गडावर राजाराम महाराजांच्या आज्ञेवरून शिवाजी महाराजांचे चरित्र लिहिले. तेव्हा स्वराज्य मोगलांच्या रेट्याखाली होते आणि झुल्फिकारखानाचा वेढा जिंजीभोवती वर्षानुवर्षे रेंगाळला होता. थोरल्या महाराजांनी राज्य कसे उभे केले, हे त्या दरबारात सांगणे ही तेव्हाची निकड होती. सभासद वाचताना हे सतत डोळ्यांसमोर ठेवावे. मल्हार रामराव चिटणिसाची बखर याहून शंभरेक वर्षांनी, १८१० च्या आसपास, साताऱ्याच्या दुसऱ्या शाहू महाराजांसाठी लिहिलेली आहे. दोघांनाही "बखर" म्हणतात म्हणून त्यांचे वजन सारखे धरणे ही मोठी चूक.

आता एकच घटना दोन्हींकडून पाहू. अफजलखानाचा वध शके १५८१, विकारी संवत्सर, मार्गशीर्ष शुद्ध ७, गुरुवार या दिवशीचा. इतका मजकूर हाती आला की त्याची चार प्रकारे पडताळणी करता येते, आणि शकावलीची खरी ताकद यातच आहे.

पहिली कसोटी संवत्सराची. शकात १२ मिळवा, ६० ने भागा, बाकी राहील तो साठ संवत्सरांच्या चक्रातला, प्रभव या पहिल्या संवत्सरापासूनचा क्रमांक. १५८१ अधिक १२ म्हणजे १५९३, बाकी ३३, आणि तेहेतिसावा संवत्सर विकारी. जुळले. बाकी शून्य आली तर साठावा, क्षय. दुसरी कसोटी सालाची. चैत्रापासून ३१ डिसेंबरपर्यंतच्या तिथीसाठी शकात ७८ मिळवायचे आणि जानेवारीपासून फाल्गुनअखेरपर्यंत ७९. पौष महिना या सीमेवर पडतो, तिथे पंचांग पाहिल्यावाचून बेरीज करू नये. मार्गशीर्षाची ही तिथी नोव्हेंबरात येते म्हणून ७८ धरून १६५९. तिसरी कसोटी वाराची. ही तिथी जुन्या ज्युलियन गणनेने १० नोव्हेंबर १६५९ ला येते आणि त्या दिवशी गुरुवारच होता. आकडा वाचताना किंवा नक्कल करताना चूक झाली असेल, तर तिथी आणि वार सहसा जुळत नाहीत, म्हणून वार दिलेली नोंद सोन्याच्या मोलाची. चौथी कसोटी शुहूर सनाची (सूर्य मृग नक्षत्रात गेला की बदलणारा, अरबी शब्दांत लिहिला जाणारा सन), कारण त्या काळच्या पत्रांवर बहुधा तोच असतो. जूनपासून डिसेंबरपर्यंत शुहूर सनात ५९९ मिळवायचे, जानेवारीपासून मेच्या उत्तरार्धात मृगसाल बदलेपर्यंत ६००. म्हणजे १६५९ च्या नोव्हेंबरातल्या पत्रावर शुहूर १०६०, अर्थात "सितैन अलफ" (साठ आणि हजार), असायला हवा.

सभासदाकडे हाच प्रसंग गेला की चित्र पालटते. खानाबरोबर बारा हजार स्वार, भवानीचा दृष्टान्त, वकिलांची ये-जा, महाराजांचे वकील पंताजी गोपीनाथ यांची शिष्टाई, मग भेट. संवाद शब्दशः खरे मानता येत नाहीत, कारण ते त्या वेळी कोणी टिपून ठेवलेले नाहीत. पण म्हणून हा मजकूर टाकून देण्याजोगा नाही. मध्यस्थ कोण होते, बोलणी कोणत्या क्रमाने झाली, भेटीआधी कोणत्या शंका होत्या, हे सांगणारा लेखक त्या राज्यात वावरलेला आहे. शकावलीत या गोष्टींना जागाच नसते.

सभासदाचे खरे धन कारभाराच्या तपशिलात आहे, आणि तिकडे फार कमी लोक वळतात. पागेत, म्हणजे सरकारी घोडदळात, पंचवीस बारगिरांवर (सरकारी घोड्यावरच्या स्वारांवर) एक हवालदार, पाच हवालदारांवर एक जुमलेदार, दहा जुमल्यांवर एक हजारी, पाच हजाऱ्यांवर एक पंचहजारी. म्हणजे जुमला १२५ जणांचा आणि हजारीच्या हाताखाली प्रत्यक्षात १२५० माणसे. नावावरून हजार धरून फौजेची बेरीज केली की आकडा एक पंचमांशाने कमी येतो. गडावर हवालदार, सबनीस, सरनोबत यांच्यात अधिकार वाटलेले, म्हणजे एकट्याच्या फितुरीने गड जाऊ नये. असे तपशील रचून सांगण्यात लेखकाला फारसा लाभ नव्हता, म्हणून त्यांवर विश्वास अधिक ठेवावा. उलट राज्याभिषेकाचा खर्च एक कोट बेचाळीस लक्ष होन (सोन्याची नाणी) आणि सिंहासन बत्तीस मण सोन्याचे, हे आकडे वैभव सांगण्यासाठी आले आहेत. ते जमाखर्चात मांडू नयेत.

राज्याभिषेकाच्या नोंदीत आणखी एक खाच आहे. जेधे शकावलीत शके १५९६ ज्येष्ठ शुद्ध १२ शुक्रवार असून तीन घटिका रात्र उरली असता महाराज सिंहासनी बसले, असे आहे. इंग्रजी तारीख मात्र ६ जून १६७४, शनिवार. दोन्ही बरोबर आहेत. आपला वार सूर्योदयापासून सूर्योदयापर्यंत चालतो. तीन घटिका म्हणजे ७२ मिनिटे, तेव्हा पहाटेचा तो क्षण आपल्या हिशेबी शुक्रवारात आणि इंग्रजांच्या हिशेबी शनिवारात पडला. हे न कळल्यामुळे शकावली "एक दिवसाने चुकली" असे ठरवणारे अभ्यासक अजूनही भेटतात.

तशीच फसगत उत्तरेकडची कागदपत्रे जोडताना होते. आपले महिने अमावास्येला संपतात, तिकडचे पौर्णिमेला. आगऱ्याहून सुटकेची आपली तिथी शके १५८८ श्रावण वद्य १२, म्हणजे १७ ऑगस्ट १६६६. राजस्थानी पत्रांत तोच पंधरवडा भाद्रपदाचा असतो. महिन्याचे नाव पाहून दोन घटनांमध्ये महिन्याचे अंतर धरले, की त्या पळापळीचा सगळा क्रमच विस्कटतो. शिवाय सतराव्या शतकात पोर्तुगीज आणि इंग्रज यांच्या तारखांत दहा दिवसांचा फरक आहे. पोर्तुगीज नवी ग्रेगोरियन गणना वापरत, इंग्रज जुनी ज्युलियन, म्हणून पोर्तुगीज तारीख पुढे, इंग्रजी मागे.

शकावलीवर आंधळा विश्वासही नको. ती त्या घराण्याच्या नजरेतून लिहिलेली असते: जेध्यांच्या मुलखातले म्हणजे रोहिडखोऱ्यातले आणि जेध्यांचे स्वतःचे तपशील दाट, कर्नाटकातले विरळ. मतही डोकावते. संभाजी महाराजांच्या काळात काही मातबरांना कैद झाली, ती महाराजांचा विश्वासू सल्लागार कवि कलश याच्या सांगण्यावरून असे शकावली म्हणते. तारीख तिथीने तपासता येते, "कोणाच्या सांगण्यावरून" हे तसे तपासता येत नाही. त्या नोंदीचे दोन भाग करून दोन वेगळ्या पारड्यांत घालावेत.

राजकारणाच्या बाबतीत बखरीची ओढ याहून किती तरी जोरकस असते. चिटणिसाचा पूर्वज बाळाजी आवजी याला संभाजी महाराजांच्या कारकिर्दीत १६८१ मध्ये देहान्त शासन झाले. त्या घराण्यातल्या माणसाने सव्वाशे वर्षांनी काढलेले संभाजी महाराजांचे चित्र काळवंडलेले असावे यात आश्चर्य नाही. पण ते पुढे नाटकांत आणि पाठ्यपुस्तकांत जसेच्या तसे उतरले, ही खेदाची गोष्ट आहे.

शिवजन्माच्या वादात दोन्ही साधने समोरासमोर आली. बखरींच्या परंपरेने शके १५४९ चा वैशाख धरला होता, म्हणजे १६२७. जेधे शकावलीत शके १५५१ शुक्ल संवत्सर, फाल्गुन वद्य तृतीया, शुक्रवार निघाले. १५५१ अधिक १२, बाकी तीन, तिसरा संवत्सर शुक्ल. फाल्गुन असल्याने ७९ मिळवून १६३०, तारीख १९ फेब्रुवारी, वार शुक्रवारच. मात्र इथे एक सावधगिरी हवी. १५४९ ची बाकी एक येते आणि तो प्रभव संवत्सर, म्हणजे बखरींचा शक आणि संवत्सरही आपापसांत नीट जुळतात. गणिताची कसोटी पास होणे म्हणजे तारीख खरी असणे नव्हे. निकाल लागला तो स्वतंत्र पुराव्यावर: कवींद्र परमानंदाच्या शिवभारत या शिवकालीन संस्कृत काव्यात हीच तिथी आहे आणि जोधपूरकडे सापडलेली जन्मपत्रिकाही तिलाच दुजोरा देते. महाराष्ट्र शासनाने २००१ मध्ये १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख मान्य केली.

एका छापील अडचणीकडेही लक्ष असू द्यावे. जेधे शकावली आणि जेधे करीना अनेकदा एका दमात उल्लेखिली जातात. करीना ही घराण्याची हकीकत, तिचा बाज बखरीकडे झुकणारा. दाखला देताना "जेधे" एवढेच लिहिले तर वाचकाला तिथीची नोंद हाती आहे की घराण्याची कैफियत, हे कळत नाही. साधनाचे पूर्ण नाव, शक आणि तिथी मूळ रूपात लिहून मगच आपण काढलेली इंग्रजी तारीख द्यावी आणि ती ज्युलियन की ग्रेगोरियन तेही नोंदवावे. रूपांतरात चूक झाली असेल तर पुढच्या अभ्यासकाला ती मूळ तिथीवरून दुरुस्त करता येते.